फरशीखालची हाक

मला गोष्ट रंगवून सांगता येत नाही. त्यामुळे यात मीठमसाला घातलाय अशी शंका कुणी घेऊ नये. माझ्या घरात तो डबाच नाही.

मी माहितीपटांसाठी आवाज रेकॉर्ड करते. कानावर हेडफोन, हातात माइक आणि तोंड बंद. या धंद्यात मनाचं ऐकून चालत नाही. जे आहे तेच ऐकावं लागतं.

आणि त्या दिवशी मी जे ऐकलं, ते होतं.

भर दुपार होती. हिवाळ्यातली. खिडकीतून स्वच्छ ऊन आत आलं होतं. युद्ध संपून चार वर्षं झाली होती आणि आम्ही एका नव्या कोऱ्या इमारतीत, तळमजल्यावरच्या स्वयंपाकघरात उभे होतो. भिंतींना अजून रंगाचा वास येत होता.

भुतांना जुनं काहीतरी लागतं, असं मला वाटायचं. पडकं घर, जुनी विहीर. त्या घरात जुनं काहीच नव्हतं. चमचेसुद्धा नवे होते.

आम्ही तिघं होतो. दिग्दर्शकांना सगळे मास्तर म्हणायचे, कारण युद्धाआधी ते शाळेत शिकवायचे आणि अजूनही कुणाचं चुकलं की कान पिळल्यासारखं बघायचे. कॅमेऱ्यावर लंबू. नव्या घरांची दारं बुटकी, त्यामुळे बिचाऱ्याचं कपाळ सतत सुजलेलं. आणि तिसरी मी.

पुनर्बांधणी समितीसाठी आम्ही एक छोटा माहितीपट करत होतो. त्या रस्त्याची एक बाजू पुन्हा बांधून झाली होती. समोरच्या बाजूच्या भिंतींची मात्र अजून चाळण. खिडक्यांच्या जागी नुसती भोकं.

"समितीला नवी बाजू हवीय," मास्तरांनी लंबूला सांगितलं होतं. "पण कॅमेरा एकदा तरी समोर वळू दे. न बोलता."

फिल्मचा शेवट दोन जावांच्या घरात होणार होता. आख्खा रस्ता त्यांना थोरली आणि धाकटी म्हणायचा. दोघींचे नवरे, सख्खे भाऊ, युद्धावर गेले ते परत आले नाहीत. समितीने दोघींना मिळून एकच घर दिलं. नेमकं त्यांच्या जुन्या इमारतीच्याच जागेवर.

थोरली काटकुळी, जिभेला धार. धाकटी गोल चेहऱ्याची, मऊ.

"बटाटे सोलतानाच घ्यायचं का शूटिंग?" धाकटीने लाजत विचारलं.

"नेहमी करता तेच करा," मास्तर म्हणाले.

"नेहमी मी सोलते आणि ही झोपते," थोरली म्हणाली. "घ्या तसं."

लंबू इतका हसला की पहिला शॉट हलला.

मग मास्तरांनी मुलांबद्दल विचारलं. विचारावंच लागणार होतं.

दोघींना एकेक मुलगा होता. चुलत भाऊ. एकाच वयाचे, एका ताटात जेवलेले, पायाला पाय लावून झोपलेले. तोफांचा मारा सुरू झाला की दोघं इमारतीच्या तळघरात जाऊन बसायचे. त्या दिवशी दोघी जावा पाणी आणायला नळावर गेल्या होत्या. परत आल्या तेव्हा इमारत नव्हती.

ढिगारा उपसायला बरेच दिवस लागले.

आत एकच सापडला.

"कोणता?" मास्तरांनी विचारलं.

थोरलीने हातातला बटाटा सोलून पूर्ण केला. मग म्हणाली, "ओळखण्यासारखं काही राहिलं नव्हतं, मास्तर."

दोघींनी मिळून त्याला पुरलं. वर एक दगड ठेवला. दगडावर काही कोरलं नाही. माझा गेला, असं दोघींपैकी एकीनेही कधी म्हटलं नाही. तुझा गेला, असंही नाही. दुसरा निसटला असेल, कुठेतरी असेल, असं दोघी धरून चालल्या होत्या. आणि तो आपलाच असेल, असं दोघी आपापल्या मनात.

चार वर्षं त्या तशाच राहत होत्या. एका छपराखाली, अर्धा अर्धा पोरगा जिवंत ठेवून.

मुलाखत संपली. लंबूने कॅमेरा बंद केला. माझं शेवटचं काम राहिलं होतं.

प्रत्येक खोलीची स्वतःची एक शांतता असते. भांड्यांचा, भिंतींचा, खिडकीच्या फटीतल्या वाऱ्याचा मिळून एक बारीकसा आवाज. फिल्म जोडताना दोन वाक्यांमधली भोकं बुजवायला तो लागतो. म्हणून शूटिंग संपलं की सगळ्यांना गप्प उभं करून मी तो रेकॉर्ड करून घेते.

"आता कुणी बोलू नका," मी म्हटलं. "हलूही नका."

मी माइक खाली, टेबलाजवळ धरला. हेडफोन नीट केले.

शांतता.

वारा… दूर कुठेतरी सायकलची घंटा…

मग तेही थांबलं.

ठक.

मी लंबूच्या पायाकडे पाहिलं. तो पुतळ्यासारखा उभा होता.

ठक… ठक.

आवाज खालून येत होता. फरशीखालून. दगडावर दगड आपटावा तसा. एकदा… मग थांबून दोनदा.

आणि मग कुणीतरी श्वास घेतला. धूळ भरलेल्या छातीने घ्यावा तसा.

"…आई."

मी हेडफोन काढले.

खोलीत काहीच नव्हतं. ऊन, बटाट्याची सालं, माझ्याकडे बघणारी चार माणसं.

पुन्हा घातले.

ठक… ठक. "…आई…"

कोवळा आवाज होता. घसा बसलेला. हाकेचा सुरुवातीचा भाग कुठेतरी अडकत होता. ऐकू येत होतं ते फक्त शेवटचं. आई.

"काय गं?" थोरली म्हणाली. "पांढरी का पडलीस?"

"पाइप वाजतोय खाली," मी म्हटलं.

"पोरी, पाइप त्या बाजूला आहे. इकडे दे ते कानातलं."

मी द्यायला नको होतं की काय, यावर मी खूप विचार केलाय. पण तिने विचारलं नव्हतंच. तिने हात पुढे केला, मला एकदा बघितलं आणि काढून घेतलं.

ती ऐकत राहिली.

आधी तिच्या चेहऱ्यावर काहीच हललं नाही. मग ती हळूहळू खाली बसली आणि फरशीवर हात टेकला. तापलेल्या कपाळावर ठेवावा तसा.

"माझा," ती म्हणाली.

धाकटीच्या हातातून पातेलं पडलं. तिने झटक्यात येऊन थोरलीच्या डोक्यावरून हेडफोन ओढून घेतले. तिला इतक्या वेगाने हलताना आम्ही कुणी पाहिलं नव्हतं.

ती ऐकत होती आणि तिचे डोळे वाहत होते.

"माझा आहे, जाऊबाई. थंडीत त्याचा घसा असाच बसायचा."

"माझा दार असंच वाजवायचा. एकदा, मग दोनदा."

"तुमचा नाही. माझा आहे!"

"धाकटे, आईला कळतं."

"मग मी कोण आहे?"

चार वर्षांत त्या घरातून कधी चढा आवाज ऐकू आला नव्हता, असं शेजारी नंतर म्हणाले. त्या दुपारी सगळ्या रस्त्याला ऐकू गेला.

लंबूने पण ऐकलं. त्याने हेडफोन टेबलावर ठेवले आणि बाहेर जाऊन पायरीवर बसला. मास्तरांनी ऐकलं. त्यांनी माझ्याकडे बघून फक्त मान हलवली.

मी रेकॉर्डिंग मागे नेऊन लावलं.

त्यात काही नव्हतं. ठकठक नाही, हाक नाही. साधी खोलीची शांततासुद्धा नाही. जणू माइक कुठल्या खोलीत नव्हताच…

यंत्र चालू असतानाच, त्या क्षणीच, ते ऐकू येत होतं. बस.

संध्याकाळी मास्तर इमारतीच्या इंजिनिअरला घेऊन आले. तरुण होता, भला माणूस. त्याने सगळं नीट समजावून सांगितलं. फरशीखाली काँक्रीट. काँक्रीटखाली भराव. जुनं तळघर त्यांनी दगडमातीने ठासून भरलं होतं. पोकळ जागा तळहाताएवढीही नव्हती.

"आणि बाई," तो खालच्या आवाजात म्हणाला, "चार वर्षं झाली. कुणी असतं तरी…"

"ते मला कळतं," थोरली म्हणाली. "मी वेडी नाही. फोडा."

"मला परवानगी नाही."

थोरलीने त्याच्या कानावर हेडफोन ठेवले.

तो बराच वेळ ऐकत उभा राहिला. मग त्याने ते काढले आणि स्वतःशीच बोलल्यासारखा म्हणाला, "भरताना आम्ही नीट बघितलं होतं. कोपरा न् कोपरा बघितला होता…"

दुसऱ्या दिवशी सकाळीच तो दोन कामगार घेऊन हजर झाला.

माझं यंत्र मी तिथेच ठेवून गेले होते. आम्ही आत गेलो तेव्हा दोघी स्वयंपाकघराच्या फरशीवरच बसलेल्या होत्या. भांडण मिटलं नव्हतं. एकमेकींशी चकार शब्द बोलत नव्हत्या. पण हेडफोन एकच. त्यामुळे गालाला गाल लावून, एकेक कान वाटून घेऊन ऐकत होत्या.

फरशी फुटली. मग काँक्रीट. त्या मशीनचा आवाज दातांत घुसत होता.

मी यंत्राला हेडफोनची दुसरी जोडी लावून ऐकत होते. मी हात वर केला की खोदणारे जरा थांबायचे, आणि मला खालचं ऐकू यायचं.

आता सांगते ते मला अजून सांगवत नाही.

खणायला सुरुवात झाल्याबरोबर खालचं ठोकणं बदललं. आधी ते थकलेलं होतं. थांबून थांबून यायचं. आता ते भरभर यायला लागलं. ठकठकठक… ठकठकठक…

त्याला कळलं होतं. वरून कुणीतरी येतंय.

कामगारांनी घमेली भरून दगडमाती बाहेर नेली. धाकटीने पदर खोचला आणि तीही बादल्या उचलायला लागली. कुणी सांगूनही थांबली नाही. तिच्या बोटांतून रक्त येत होतं. मास्तर बादल्या वाहत होते. लंबूने कॅमेरा पिशवीतून बाहेरच काढला नाही. तोही खड्ड्यात उतरला.

थोरली काठावर बसून होती. माझी एक जोडी तिच्या कानावर.

"आलो रे," ती खड्ड्याकडे बघून म्हणत होती. "आलोच. थोडंच राहिलंय."

ठकठकठकठक…

ऊन कलायला लागलं तेव्हा फावड्याला काहीतरी कठीण लागलं. हातांनी माती बाजूला केली.

जुन्या तळघराची जमीन होती.

सपाट. ओलसर. रिकामी.

काही नव्हतं. हाड नाही, कपड्याची चिंधी नाही.

इंजिनिअरने लोखंडी कांब घेऊन ती जमीन जागोजाग ठोकून पाहिली. सगळीकडे भरीव. "याच्याखाली जमीनच आहे," तो म्हणाला. "नुसती जमीन. याच्याखाली कधीच काही नव्हतं."

कामगारांनी फावडी टेकवली.

आणि कानात…

ठकठकठक…

त्याच अंतरावरून. तितक्याच खालून. आम्ही दिवसभर खणून एक वीतही जवळ गेलो नव्हतो.

मग ते ठोकणं मंद झालं. थांबलं. जणू तो कान देऊन ऐकत होता.

वर कुणीच खणत नव्हतं.

मग हाक आली. पहिल्यांदाच स्वच्छ, पूर्ण.

"मोठी आई… का थांबलात?"

मी थोरलीकडे पाहिलं. तिने माझ्याकडे पाहिलं. त्या खोलीत हे फक्त आम्ही दोघींनी ऐकलं होतं.

मोठी आई.

स्वतःच्या आईला कुणी मोठी आई म्हणत नाही. चुलतीला म्हणतात. थोरल्या चुलतीला.

म्हणजे खाली होता तो धाकटीचा. आणि त्या दगडाखाली, चार वर्षांपासून, थोरलीचा.

त्या एका हाकेने तिचा पोरगा गेला. माझ्या डोळ्यांसमोर गेला. तिच्या तोंडावर मी ते पाहिलं आणि मला काहीही करता आलं नाही.

"काय म्हणतोय?" धाकटीने खड्ड्यातून वर बघून विचारलं. चेहरा मातीने भरलेला. "जाऊबाई, काय म्हणतोय?"

थोरलीने हेडफोन काढले. मांडीवर ठेवले. त्यांच्यावर हात ठेवला, घट्ट.

"आई म्हणतोय," ती म्हणाली. "माझाच आहे गं. आता नीट ऐकलं मी. माझाच."

"नक्की?"

"त्याने आमच्या दोघांतलं काहीतरी सांगितलं. दुसऱ्या कुणाला माहीत असायचं कारण नाही."

धाकटी तशीच उभी राहिली. बादली हातात.

"म्हणजे… आपण पुरला तो माझा?"

"हो गं. तुझा. तो केव्हाच निजलाय. त्याला काही त्रास नाही."

धाकटी मटकन खाली बसली आणि रडली. चार वर्षांचं रडली. मग वर येऊन तिने थोरलीला मिठी मारली आणि म्हणाली, "मी तुमच्याशी भांडले हो. तुमचं पोर तिथे एकटं, आणि मी भांडले."

थोरली तिच्या पाठीवरून हात फिरवत होती. नजर माझ्यावर. त्या नजरेत विनंती नव्हती. हुकूम होता.

मी गप्प बसले.

अंधार पडायच्या आत धाकटी आतल्या खोलीत जाऊन आडवी झाली आणि घोरायला लागली. स्वयंपाकघरात कामगार खड्डा बुजवत होते. थोरली आणि मी दाराशी उभ्या होतो.

"बघ, कशी झोपली," थोरली म्हणाली. "आधीपासून अशीच. कानाशी तोफ उडाली तरी जागी व्हायची नाही. म्हणून रात्री पोराला तहान लागली, पोट दुखलं, की तो मलाच हाक मारायचा."

"मावशी, तुम्ही का असं…"

"एकीला तरी झोप लागू दे. मला नाहीतरी येत नाही. मी बसेन त्याच्यापाशी."

मग ती म्हणाली, "ते यंत्र मात्र ठेवून जा."

माझ्याकडे एक जुना संच होता. तो मी तिला आणून दिला. माइक फरशीवर कसा ठेवायचा, बॅटरी कशी बदलायची, ते शिकवलं. ती एकदा सांगितल्यावर शिकली.

फिल्म पूर्ण झाली. समितीला आवडली. रस्त्याच्या उद्घाटनाला नव्या सभागृहात दाखवली. दोघी पहिल्या रांगेत. पडद्यावर स्वयंपाकघर आलं, ऊन आलं, बटाटे आले. "नवं घर, नवी सुरुवात," असं निवेदन होतं. फरशी बदलल्यावर रंग थोडा वेगळा आला होता. खिडकीजवळ एक फिकट चौकोन. शेवटचा शॉट लंबूने नंतर पुन्हा घेतला, त्यात तो ठेवला. कुणी विचारलं नाही.

त्या शॉटखालची शांतता मी दुसऱ्या घरातून आणून लावली होती.

टाळ्या वाजल्या. "मी बरी दिसते की," धाकटी म्हणाली. थोरलीला घाई होती. तिला घरी जायचं होतं.

पुढच्या वर्षभरात मी अधूनमधून जात राहिले. धाकटीची तब्येत सुधारली होती. ती हसायची. दर आठवड्याला फुलं घेऊन दगडावर जायची. थोरली जायची नाही. कसं जाणार? माझा तिथे नाही, असं तीच म्हणाली होती.

ती फरशीवर बसलेली असायची. हेडफोन लावून. माझ्याशी गप्पा मारता मारता मध्येच खाली वाकायची.

"आहे रे. इथेच आहे. पाणी आणायला गेलंय ना कुणीतरी. येतंय."

"बोलतात त्याच्याशी," धाकटी मला कानात म्हणायची. "बोलू दे. तेवढंच समाधान."

"ऐकतो का तो तुमचं?" मी एकदा थोरलीला विचारलं.

"ऐकतो. मी बोलले की ठोकायचं थांबतो. मी उठले की पुन्हा सुरू करतो." ती खूप वाळली होती. "म्हणून उठत नाही गं फारशी."

पुढच्या हिवाळ्यात ती गेली. सकाळी धाकटी उठून आली तेव्हा ती फरशीवर कुशीवर पडलेली होती. हेडफोन कानावर. डॉक्टर म्हणाले, हृदय.

काही दिवसांनी धाकटीने मला बोलावलं. यंत्र घेऊन जा म्हणाली. मी गेले तेव्हा बाहेर उजेड होता. ती चहा ठेवत होती.

"जायच्या आधी एकदा ऐक गं," ती पाठमोरीच म्हणाली. "जाऊबाईंचा पोरगा अजून आहे का बघ. त्या तिकडे गेल्या म्हणजे आता भेटल्या असतील ना त्याला?"

मला ऐकायचं नव्हतं. पण तिला नाही कसं म्हणणार?

मी हेडफोन लावले.

ठक… ठक. त्या फिकट चौकोनाखालून. तो होता.

"मोठी आई… मोठी आई…"

आणि मग…

दुसरीकडून. दाराच्या बाजूने, तितक्याच खोलवरून, दुसरा आवाज.

"आले रे, आले. कुठे आहेस? वाजव ना."

थोरली.

तो वाजवतच होता. जिवाच्या आकांताने वाजवत होता.

"वाजव ना बाळा. मला ऐकू येत नाही."

ठक ठक ठक…

"मोठी आई, कुठे गेलीस?"

दोघांच्या मध्ये हे एवढंसं स्वयंपाकघर होतं. दोघं एकमेकांना हाका मारत होते. आणि दोघांनाही एकमेकांचं ऐकू येत नव्हतं.

फक्त मला येत होतं.

मी गुडघ्यांवर बसले आणि फरशीला तोंड लावून ओरडले, "मावशी, इकडे! मागे वळा! खिडकीच्या बाजूला, इकडे!"

दोन्ही आवाज थांबले.

मी हेडफोन कानांवर दाबून धरले.

मग दोघांनी, दोन वेगवेगळ्या जागांवरून, एकदम विचारलं,

"कोण आहे?"

मी हेडफोन ओढून काढले. धाकटी चहाचे कप घेऊन मागे उभी होती.

"काय म्हणतात?" तिने विचारलं. "भेटल्या?"

"भेटल्या," मी म्हटलं.

तिने डोळे मिटून मोठा श्वास सोडला. मग मला साखर किती घालू विचारलं.

मी यंत्र घेऊन आले. त्यानंतर खोलीची शांतता मी रेकॉर्ड करत नाही. ते काम दुसऱ्या कुणाला तरी देते. मास्तरांना कारण माहीत आहे. ते विचारत नाहीत.

इथवर ठीक होतं. मी म्हणजे, मनाला कसंबसं समजावलं होतं.

पण गेल्या महिन्यात धाकटीचा फोन आला. नेहमीसारख्या गप्पा मारल्या. गुडघे दुखतात म्हणाली. मग सहज म्हणाली,

"अगं, फरशी पुसताना हाताला काहीतरी लागतं. ऐकू नाही येत, पण हाताला कळतं. खालून. दोन जागी."

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"एक आहे ते खिडकीजवळ. ते तिथेच असतं. दुसरं मात्र सरकतं बघ. आधी दाराशी होतं. मग बाहेरच्या पायरीखाली लागायला लागलं. काल मी फूटपाथ झाडत होते तर तिथे. पार रस्त्याच्या कडेला. रोज थोडं थोडं लांब चाललंय गं. कशाचं असेल?"